आधी यादी, मग पत्रिका: सोलापुरातील एका पत्रिका छपाईच्या दुकानाविषयी

आमच्या थोरल्या मुलीच्या लग्नाच्या पत्रिका आम्ही टिळक चौकाजवळच्या गल्लीतील या दुकानात छापून घेतल्या. लग्न माघात पार पडले, पाहुणे आपापल्या गावी परतले आणि आता थोडी उसंत मिळाल्यावर हा अभिप्राय लिहीत आहे. कागद, छपाई, दर आणि वेळ यांविषयी सांगण्यासारखे आहेच. एक मोठी चूकही झाली, तीही सांगणार आहे. परंतु या दुकानाने आमचे जे काम खरोखर सोपे केले, ते छपाईचे नव्हते. जुन्या मैत्रिणींपैकी कोणाला बोलवावे आणि कोणाला नाही, या प्रश्नाने दोन महिने माझी झोप उडवली होती, आणि त्या प्रश्नाची उकल मला या दुकानातल्या लाकडी बाकावर बसून झाली.

पौषात लग्ने नसतात, म्हणून पत्रिकांच्या दुकानात शांतता असेल, असे समजून आम्ही गड्ड्याच्या, म्हणजे ग्रामदैवत सिद्धरामेश्वरांच्या यात्रेच्या, दिवसांत तेथे गेलो. समज चुकीचा होता, कारण माघातल्या मुहूर्तांच्या पत्रिका पौषातच छापून निघतात. दुकान लहान आहे. तीन गिऱ्हाइके आली की चौथ्याला पायरीवर उभे राहावे लागते. भिंतीवर मराठी, कन्नड, तेलुगू आणि उर्दू अशा चारही भाषांतील पत्रिकांचे नमुने लावलेले आहेत, आणि ज्यांना सगळे अण्णा म्हणतात ते वयस्क मालक समोरच्या माणसाप्रमाणे भाषा बदलत बोलतात. मी नमुन्यांचा अल्बम चाळून एक पत्रिका पसंत केली आणि तीनशे नग सांगितले. अण्णांनी हातातले पेन खाली ठेवले.

"बाई, नग नंतर सांगा. यादी आणलाव का?"

यादी आणलेली नव्हती. यादी घरी चार वेगवेगळ्या कागदांवर, यजमानांच्या डायरीत आणि माझ्या मनात विखुरलेली होती. अण्णांनी टेबलाच्या खणातून एक पातळ वही काढून दिली. वहीच्या प्रत्येक पानावर आखलेले रकाने होते: नाव, गाव, माणसे किती, आणि शेवटचा रकाना "कशी द्यायची". त्या शेवटच्या रकान्याचे तीन भाग होते: हाती, टपाल, फोन. अण्णा म्हणाले, "हातानं द्यायच्या किती, तेवढं आधी भरा. बाकीचं आपोआप बसतंय." पुढच्या गिऱ्हाइकाला उत्तर देत देत त्यांनी हे सांगितले, आणि त्यांच्या दृष्टीने ते केवळ नगांचा अंदाज चुकू नये म्हणून सांगितलेले होते. माझ्या दृष्टीने मात्र त्या एका वाक्याने पुढचे सगळे ठरले.

नात्यातील यादी करायला विचार लागत नाही. भाऊबंद, सोयरे, माहेर, आजोळ, शेजार, शाळेतील सहकारी, ही नावे हात आपोआप लिहितो. तेथे निवड नसते, कारण एखादे घर सुटले तर रुसवा ठरलेला असतो आणि तो वर्षानुवर्षे ऐकावा लागतो. जुन्या मैत्रीचे तसे नसते. मैत्रीत रुसवासुद्धा कळत नाही. ज्या मैत्रिणीला बोलावले नाही ती काहीही बोलत नाही, कधी तरी दुसऱ्याच कोणाच्या तोंडून तिला लग्न झाल्याचे कळते, आणि मग ती कायमची गप्प राहते. या गप्प राहण्याची मला भीती वाटत होती.

आणि अडचण खरी होती. कार्यालयात आमच्या बाजूची साडेतीनशे पाने ठरली होती. नातेवाईक आणि ज्यांना टाळताच येत नाही अशी घरे लिहून झाल्यावर चाळीस पाने उरली. त्यांतील वीस यजमानांच्या मित्रांची आणि वीस माझ्या मैत्रिणींची. मी 1983 साली सेवासदनातून दहावी झाले. त्या वर्गातील, पुढे महाविद्यालयातील, मग बी.एड.च्या वर्गातील आणि पहिल्या नोकरीतील, अशा सगळ्या मिळून सत्तेचाळीस मैत्रिणींची नावे माझ्या कागदावर होती. प्रत्येकीबरोबर एक माणूस धरले तरी आकडा नव्वदीच्या पुढे जात होता.

पहिल्यांदा मी ज्यांनी आम्हाला बोलावले त्यांना बोलवावे, असा नियम लावून पाहिला. जुन्या आहेराच्या वह्या काढून बसले, आणि थोड्याच वेळात त्या हिशेबाचा वीट आला. ज्या मैत्रिणीच्या घरी लग्नच झालेले नाही, जिची मुलेच नाहीत किंवा जिने ऐपत नसल्यामुळे देवळात चार माणसांत मुलीचे लग्न उरकले, ती या नियमाने आपोआप बाहेर जात होती. मग गेल्या पाच वर्षांत जिच्याशी बोलणे झाले तिला बोलवावे, असे ठरवले. या नियमाने आमच्या वर्गाच्या व्हॉट्सअॅप ग्रुपवरील एकतीस जणी यादीत आल्या, कारण रोज सकाळी फुलांची चित्रे तेथे येतातच, आणि ज्या एका मैत्रिणीची आठवण मला सर्वांत आधी झाली होती ती राहून गेली, कारण तिच्याकडे तसला फोनच नव्हता. मुलगी म्हणाली, "आई, ग्रुपवर पत्रिका टाकून दे, सगळ्यांना एकदम कळेल." कळेल हे खरे होते, पण कळवणे आणि बोलावणे या दोन गोष्टी आपल्याकडे कधीच एक नव्हत्या.

"हाती" हा रकाना भरायला बसले तेव्हा मात्र मन स्वच्छ झाले. पत्रिका हाती द्यायची म्हणजे चार कोपऱ्यांना हळद-कुंकू लावून, अक्षतांची पुडी घेऊन, तिच्या दारात जाऊन उभे राहायचे. मी प्रत्येक नावापुढे थांबून एवढेच पाहिले, की या दारात मी उभी राहू शकेन का, आणि दार उघडल्यावर मला आनंद होईल का. कोणाचे घर लांब आहे, कोणाचे परगावी आहे, हा भाग वेगळा. तेथे टपाल आहे, फोन आहे. पण ज्या दारात जाण्याची इच्छाच होत नाही, तेथे टपालाने पत्रिका पाठवणे म्हणजे नुसती नोंद पुरी करणे होय. या एका कसोटीने सत्तेचाळीस नावांची एकोणीस झाली, आणि गळलेल्या नावांपैकी बहुतेक नावांबद्दल मला अपराधी वाटले नाही, कारण त्यांनीही मला याच कसोटीने गाळले असते.

एका नावापाशी मात्र बराच वेळ गेला. आम्ही दोघी पूर्वी एकाच भिशीत होतो, आणि पैशांवरून आमचे बोलणे तुटले त्याला बारा वर्षे झाली. तिला पत्रिका द्यायला जावे, अशी मला फार इच्छा होत होती. म्हणजे कसोटीला ती उतरत होती. अण्णांच्या बाकावर बसून मी ते नाव लिहिले, आणि लिहिताना लक्षात आले की मला तिला भेटायचे नव्हते. आमचे कसे चांगले झाले आहे, मुलीला कसे स्थळ मिळाले आहे, हे तिने पाहावे असे मला वाटत होते. मी ते नाव खोडले. तिच्याशी समेट करायचा असेल तर तो लग्नाच्या गर्दीत न करता एखाद्या साध्या दुपारी करीन.

मंगळवार पेठेतील मैत्रिणीविषयी अडचण निराळी होती. तिच्या यजमानांना जाऊन दोन वर्षे झाली होती, आणि तेव्हापासून नात्यातील लोक तिला लग्नाची पत्रिका देताना "नंतर निवांत घरी या" असे म्हणतात, हे तिनेच मला सांगितले होते. तिला मी पहिल्या पाच पत्रिकांमध्ये धरले. सिद्धरामेश्वरांना पत्रिका ठेवली, तुळजापूरला जाऊन देवीपुढे ठेवली, माहेरी दिली, आणि लगेच तिच्याकडे गेले. तिने पत्रिका हातात घेतली आणि विचारले, "अक्षतेला येऊ की जेवायला येऊ?" मी म्हणाले, "हळदीला ये." ती हळदीला आली आणि मुलीला तिनेही हळद लावली.

आता ज्या मैत्रिणीसाठी हा एवढा विस्तार केला तिच्याविषयी लिहिते. ती सोलापूरच्या पूर्व भागातली, म्हणजे विणकरांच्या वस्तीतली, घरी तेलुगू बोलणारी. त्यांच्या घरी खाली माग होता आणि वर दोन खोल्या. शाळा सुटल्यावर मी तिच्याकडे अभ्यासाला जात असे, तेव्हा मागाच्या खटखटीने पाटीवरची पेन्सिलसुद्धा थरथरायची. ती मांडीवर सूप घेऊन विड्या वळत असे आणि मी मोठ्याने धडा वाचत असे. तेंदूची पाने कात्रीने सारख्या मापाची कापायची, चिमूटभर तंबाखू घालून बोटांनी गुंडाळायचे, टोक मुडपायचे, दोऱ्याचे दोन वेढे द्यायचे. हे सगळे करताना ती मान वर करून माझ्या वाचण्यातली चूकही दाखवत असे. हजार विड्यांमागे मजुरी असे, आणि हजार भरल्याशिवाय तिला उठता येत नसे. गड्ड्याच्या यात्रेत संमती कट्ट्यावरचा अक्षता सोहळा, म्हणजे सिद्धरामेश्वरांचे प्रतीकात्मक लग्न, पाहायला तिचे वडील आम्हा दोघींना घेऊन जात. पांढऱ्या कपड्यांतील माणसांचा तो समुद्र आणि उंच नंदीध्वज पाहताना चुकामूक होऊ नये म्हणून ती माझ्या वेणीचे टोक मुठीत धरून चालत असे. सिद्धरामेश्वरांच्या त्या लग्नाला सारे सोलापूर न बोलावता लोटते. आपल्या घरच्या लग्नाला मात्र दारात जाऊन बोलवावे लागते, आणि बावीस वर्षांत मी तिच्या दारात गेले नव्हते.

मला तिला बोलावण्याची इच्छा होती, परंतु भीतीही होती. कार्यालयातल्या लग्नाला यायचे म्हणजे तिला साडी, आहेर, रिक्षा, एका दिवसाची बुडालेली मजुरी, एवढा सगळा भार पडणार. आपल्या आनंदापायी तिला संकोचात टाकणे कितपत योग्य, असे मी यजमानांना विचारले तेव्हा ते म्हणाले, "ते तिला ठरवू दे. तू तिच्या वतीने नको ठरवूस." अण्णांनी पत्रिकेत "आहेर स्वीकारला जाणार नाही" ही ओळ घालण्याचे सुचवले. ती पुष्कळ जण घालतात, पण अगदी खाली बारीक अक्षरांत घालतात. अण्णांनी ती स्थळाच्या ओळीखाली त्याच आकाराच्या अक्षरांत बसवून दिली. मैत्रिणीचे नाव सांगितल्यावर त्यांच्या कारागिराने पाकिटावर ते मराठीत लिहिले आणि खाली तेलुगूतही वळणदार अक्षरांत लिहून दिले. याचे वेगळे पैसे घेतले नाहीत.

माझ्या जुन्या डायरीतील तिचा पत्ता उपयोगाचा नव्हता. तिच्या माहेरच्या गल्लीत विचारल्यावर कळले की ती आता कुंभारीला, विडी कामगार महिलांच्या गोदूताई परुळेकर वसाहतीत राहते. ही वसाहत दहा हजार घरांची आहे. 2006 साली कामगार महिलांना ती घरे मिळाली, आणि सोलापुरात विड्या वळणाऱ्या बायकांच्या नावावर स्वतःचे घर झाले, ही लहान गोष्ट नव्हे. पण दहा हजार घरांत नुसत्या नावावरून माणूस शोधायचे म्हणजे दिवस जाणार, असे वाटून आम्ही सकाळीच अक्कलकोट रस्त्याने निघालो. प्रत्यक्षात तासाभरात घर सापडले. तिसऱ्या गल्लीत एका बाईने पाकिटावरचे तेलुगू नाव वाचले, "ही आमच्या ओळीतलीच" म्हणाली, आणि आमच्यापुढे चालू लागली.

दार उघडले तिच्या सासूबाईंनी. त्यांना मराठी वाचता येत नाही. त्यांनी पाकीट डोळ्यांजवळ धरून सुनेचे नाव अक्षर अक्षर लावून मोठ्याने वाचले, आणि ते ऐकून ती आतून आली. तिच्या मांडीवरून नुकतेच सूप उतरले असावे, कारण पदराला तंबाखूची पूड लागलेली होती. तिने मला ओळखायला वेळ लावला नाही. पत्रिका उघडून तिने ती पहिल्यापासून शेवटपर्यंत, "श्री सिद्धेश्वर प्रसन्न" पासून निमंत्रकांच्या नावांपर्यंत, मोठ्याने वाचली, जसे मी तिला धडे वाचून दाखवत असे तसे. आहेराच्या ओळीपाशी ती थांबली आणि म्हणाली, "हे बरं केलीस." मग तिथीच्या ओळीवर बोट ठेवून म्हणाली, "पण हे चुकलंय की गं. त्या दिवशी वद्य पक्ष आहे, तू शुद्ध छापलीस."

मी चूक सांगणार आहे म्हटले होते, ती हीच. पत्रिकेत तारीख आणि वार बरोबर होते, परंतु तिथी "माघ वद्य" ऐवजी "माघ शुद्ध" अशी छापली गेली होती. माझ्या हस्तलिखितात ती बरोबर होती. दुकानात अक्षरजुळणी करताना आधीच्या कोणाच्या तरी पत्रिकेतील ओळ तशीच राहिली. प्रूफ मी वाचले होते, यजमानांनी वाचले होते, मुलीने फोनवर वाचले होते, आणि तिघांचीही नजर नावांवर होती. त्याच दुपारी दुकानात गेले. अण्णांनी माझे हस्तलिखित काढून पाहिले, कोणाचे चुकले यावर एकही शब्द न बोलता आतले पान नव्याने छापायला घेतले, आणि तिसऱ्या दिवशी तीनशे पाने विनामूल्य दिली. जुनी पाने काढून नवी घालण्याचे काम मात्र आम्हालाच घरी बसून करावे लागले, आणि वाटून झालेल्या सत्तावीस पत्रिकांच्या घरी फोन करावे लागले. दुकानाने चूक मान्य केली हे चांगलेच, पण तिथी, वार आणि तारीख पंचांगाशी ताडून पाहणारा एक माणूस त्यांच्याकडे असायला हवा. पत्रिकेच्या दुकानात दाते पंचांग नसावे, हे मला पटत नाही.

बाकीचा तपशील थोडक्यात लिहिते. आम्ही घेतलेली पत्रिका पाकिटासह 24 रुपये नग पडली. कागद जाड, रंग हळदी, अक्षरे ठसठशीत. वयस्कर माणसांना चष्म्याशिवाय वाचता येतील एवढी मोठी. सोनेरी ठशाच्या महाग पत्रिकाही त्यांच्याकडे आहेत, पण त्यावरचा मजकूर उजेडात चमकतो आणि वाचवत नाही. पाकिटाचा डिंक कमी प्रतीचा आहे. टपालाने पाठवायच्या पत्रिकांना घरी पुन्हा खळ लावावी लागली. फोनवर पाठवायची पत्रिका वेगळे पाचशे रुपये घेऊन करून देतात. ती छापील पत्रिकेचे नुसते छायाचित्र असते, त्यामुळे फोनच्या पडद्यावर अक्षरे बारीक दिसतात. ग्रुपवरील मैत्रिणींना मी ती शेवटी पाठवलीच, पण प्रत्येकीला वेगळी, आणि सोबत दोन ओळी लिहून. पुण्याची एक मैत्रीण ती मिळाल्यावर आदल्या संध्याकाळी हुतात्मा एक्स्प्रेसने आली. तिला खरे तर मी यादीत "हाती" मध्ये लिहिले होते आणि पुण्याला जाणे झाले नाही, ही खंत राहिली.

टपालाने पाठवायच्या पत्रिकांवर पिनकोड स्पष्ट लिहा, असे अण्णा बजावून सांगतात आणि ते बरोबर आहे. पिनकोड 1972 पासून आहे, पण माझ्या जुन्या डायरीतील निम्म्या पत्त्यांवर तो नव्हता. पूर्वी गाव आणि पेठ लिहिली तरी पत्र पोहोचत असे. जुन्या सहा आकडी फोन क्रमांकांचा तर काहीच उपयोग झाला नाही. यादी करायला घेण्याआधी पत्ते गोळा करायला आठ दिवस वेगळे ठेवावेत.

लग्नाच्या दिवशी कुंभारीची मैत्रीण अक्षतेच्या अर्धा तास आधी आली, सासूबाईंना आणि नातीला घेऊन. वहीत मी तिच्यापुढे दोन माणसे लिहिली होती, आली तीन. आहेर आणला नव्हता. शेंगाचटणीचा डबा आणला होता, तो मुलीच्या सासरी गेला. मंगलाष्टके चालू असताना ती माझ्या शेजारी उभी होती, आणि तिच्या एका हातात अक्षता होत्या व दुसऱ्या हातात माझ्या शालूच्या पदराचे टोक होते.

एकोणीस नावांपैकी चौदा जणी आल्या. दोघींनी आधीच कळवले होते, तिघींचे काही कळले नाही. त्यांना मी आता स्वतः फोन करणार आहे. पत्रिका दहा-बारा उरल्या, त्या दुकान परत घेत नाही, म्हणून नग ठरवताना यादीवर पंधरापेक्षा जास्त वाढवू नयेत.

दुकानात जायचे असल्यास सकाळी अकराच्या आत जावे, गाडी गल्लीत नेऊ नये, आणि रकान्यांची वही आठवणीने मागून घ्यावी. ती फुकट मिळते, पण गर्दी असली की अण्णा ती द्यायचे विसरतात.